सांध्यांचे स्वावलंबन

२५ डिसेंबर २०१० या दिवशी सायंकाळी चार वाजून चार मिनिटांनी श्रीहरिकोटाच्या प्रक्षेपण मंचावरून जीएसएलव्ही-एफ०६ या प्रक्षेपकाने उड्डाण केले. ४१८ टनांचा हा अजस्र अग्निबाण २३१० किलो वजनाचा जीसॅट-५पी हा दळणवळण उपग्रह घेऊन निघाला होता. पहिली सत्तेचाळीस सेकंदे सारे सुरळीत चालले. मग प्रक्षेपक एका अंगाला कलू लागला, वाऱ्याचा दाब आडवा बसू लागला आणि चोपन्नाव्या सेकंदाच्या सुमारास त्याचे तुकडे होऊ लागले. चौसष्टाव्या सेकंदाला सुरक्षा अधिकाऱ्यांनी तो नष्ट करण्याची आज्ञा दिली. दूरचित्रवाणीच्या पडद्यावर आकाशात एक पिवळसर धुराचा गोळा दिसला आणि त्यातून बंगालच्या उपसागराकडे कोसळणाऱ्या धुराच्या रेघा दिसल्या. त्याच वर्षी १५ एप्रिल रोजी भारतीय क्रायोजेनिक इंजिनाचे पहिले उड्डाण अयशस्वी झाले होते. आठ महिन्यांत बसलेला हा दुसरा घाव होता आणि या वेळी तर वरचा टप्पा रशियाकडून आलेला, आधी अनेकदा उडालेला होता.

ज्येष्ठ शास्त्रज्ञ डॉ. जी. माधवन नायर यांच्या अध्यक्षतेखाली तज्ज्ञांची समिती बसली. इस्रोने प्राथमिक निष्कर्ष वर्ष संपण्यापूर्वीच जाहीर केला. इंजिन बंद पडले नव्हते. इंधन गळाले नव्हते. संगणक चुकला नव्हता. रशियन क्रायोजेनिक टप्प्याच्या तळाशी असलेले दहा कनेक्टर, म्हणजे तारा जोडणारे प्लग, अवेळी सुटले होते.

प्रक्षेपकाचा मेंदू असतो वरच्या टोकाजवळ आणि त्याला वळवणारी इंजिने असतात तळाशी. संगणकाच्या आज्ञा एवढे अंतर तारांमधून खाली येतात. वाटेत एकेक टप्पा गळून पडणार असल्याने या तारा अखंड ठेवता येत नाहीत, त्या जागोजागी कनेक्टरने जोडलेल्या असतात. हे दहा कनेक्टर उड्डाणानंतर २९२व्या सेकंदाला, आज्ञा मिळाल्यावर सुटायचे होते. ते अठ्ठेचाळिसाव्या सेकंदालाच निखळले. बाजूच्या चार इंजिनांपर्यंत आज्ञा पोहोचेनात. मेंदू शाबूत, हातपाय शाबूत, मधला सांधा निखळलेला, अशा अवस्थेत तो अग्निबाण शेवटची काही सेकंदे उडत राहिला.

या घटनेची आपल्याकडे जितकी चर्चा व्हायला हवी होती तितकी झाली नाही, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. अपयश आले म्हणून वर्तमानपत्रांत दोन दिवस मोठे मथळे आले, यश आल्यावर पुन्हा मोठे मथळे आले, आणि मधली दहा कनेक्टरांची गोष्ट तज्ज्ञांच्या अहवालात राहून गेली. स्वावलंबनाविषयी आपण समाज म्हणून जे काही बोलतो, त्याला या छोट्या गोष्टीत एक मोठी दुरुस्ती सुचवलेली आहे. ती समजून घेण्यासाठी आधी कनेक्टर ही काय वस्तू आहे हे पाहिले पाहिजे. लेखक कला शाखेचा पदवीधर आहे, विजेशी त्याचा संबंध फ्यूज बदलण्यापलीकडे गेलेला नाही. पण या विषयाचा गाभा समजण्यास तेवढे पुरते.

घरातल्या मिक्सरचा प्लग सैल झाला की गृहिणी तो जरा हलवून पाहते, कधी बाजूला कागदाची घडी सारते, आणि चटणी वाटून होते. अग्निबाणात प्लग हलवून पाहायला कोणी बसलेले नसते. लढाऊ विमानात वैमानिक बसलेला असतो, पण त्याचा हात तेथे पोहोचत नाही. मग तारा कायमच्याच का जोडून टाकत नाहीत, असा प्रश्न कोणालाही पडेल. याचे उत्तर साधे आहे. मोठे यंत्र एका जागी घडत नाही. त्याचे भाग निरनिराळ्या कारखान्यांत तयार होतात, वेगवेगळे तपासले जातात, मग एकत्र येतात. एखादा भाग बिघडला तर तो काढून दुसरा बसवावा लागतो. जेथे म्हणून भाग भागाला मिळतो, तेथे कनेक्टर आला. एअरबसच्या ए-३८० या महाकाय प्रवासी विमानात सुमारे ५३० किलोमीटर लांबीच्या तारा आणि चाळीस हजारांहून अधिक कनेक्टर आहेत. जर्मनीतील हॅम्बुर्ग आणि फ्रान्समधील तुलूज येथील अभियंते आराखड्यासाठी एकाच संगणकप्रणालीच्या दोन वेगळ्या आवृत्त्या वापरत राहिले. परिणामी आणलेल्या तारा जागेवर पुरेनात, सांधे जुळेनात, आणि २००६ साली त्या विमानाचे वेळापत्रक कोलमडून कंपनीच्या प्रमुखांवर पायउतार होण्याची वेळ आली.

लढाऊ विमाने, क्षेपणास्त्रे आणि उपग्रह यांत जे कनेक्टर वापरतात ते वरून पाहता आपल्या बोटाएवढे, फार तर मनगटाएवढे जाड, धातूचे गोल नळकांडे दिसतात. त्यांच्या एका प्रसिद्ध अमेरिकी लष्करी मानकाचा क्रमांक ३८९९९ आहे. जगभरच्या विमानोद्योगात हा आकडा म्हटला की कारागिराला पुढचे सांगावे लागत नाही. या मानकाचा कनेक्टर उणे ६५ अंश सेल्सिअसपासून अधिक १७५ अंशांपर्यंत, काही प्रकारांत २०० अंशांपर्यंत, काम करतो. पाचशे वेळा जोडला आणि सोडला तरी तो ढिला पडता कामा नये. मिठाच्या पाण्याच्या फवाऱ्यात त्याला पाचशे तास ठेवून पाहतात. त्याच्या कडेला पाच खाचा वेगवेगळ्या कोनांत असतात, त्यामुळे एका जागचा प्लग दुसऱ्या जागी बसूच शकत नाही. घाईत, अंधारात, थकलेल्या हातांनी काम करणाऱ्या माणसाकडून चूक होणार हे गृहीत धरून केलेली ही योजना आहे. पिना आत खोल बसवलेल्या असतात, म्हणजे प्लग तिरका घुसवला तरी पिना वाकत नाहीत. मळसूत्राला तीन सुरुवाती असल्याने एकाच फेऱ्यात तो पूर्ण आवळला जातो. आणि सर्वांत सुंदर योजना अशी की, एका बाजूच्या कडेवर एक तांबडा पट्टा रंगवलेला असतो. प्लग पूर्ण बसला की तो पट्टा झाकला जातो. तांबडे दिसत असेल तर काम अपुरे आहे, हे समजायला पदवी लागत नाही.

आतल्या पिना तांब्याच्या मिश्रधातूच्या, त्यावर बहुधा निकेलचा थर आणि त्यावर सोन्याचा मुलामा. हा मुलामा सुमारे सव्वा मायक्रॉन जाडीचा असतो. आपला केस साधारण सत्तर मायक्रॉन जाड असतो, यावरून कल्पना यावी. सोने दागिन्यासाठी नव्हे, तर ते गंजत नाही म्हणून. स्वस्तात काम भागवायचे म्हणून कथिलाचा मुलामा दिला तर वरवर काही फरक दिसत नाही. पण सतत थरथरणाऱ्या यंत्रात पिन आणि तिची खोबण एकमेकांवर अतिसूक्ष्म अंतराने घासत राहतात, डोळ्यांना दिसणारही नाही एवढ्या. प्रत्येक घासण्याबरोबर कथिलाचा कण निघतो, त्याचे हवेत भस्म होते आणि ती भुकटी दोन धातूंच्या मध्ये साचत जाते. एके दिवशी वीज अडखळते. यंत्र उघडून पाहिले तर सारे ठीक दिसते, कारण उघडताना प्लग हललेला असतो आणि भुकटी झटकली गेलेली असते. मोटारीच्या दुरुस्तीवाल्याकडे गाडी नेली की नेमका दोष नाहीसा होतो, या सार्वत्रिक अनुभवाचे एक कारण हे आहे.

तार पिनेला जोडण्याची रीतही पाहण्यासारखी आहे. घरगुती कामात आपण डाग देतो. विमानाच्या कामात तो सहसा देत नाहीत, कारण डाग दिलेल्या जागी तार ताठ होते आणि थरथरीने तिथेच तुटते. तेथे पिनेच्या पोकळ शेपटात तार घालून विशिष्ट दाबाने चिमटतात. याला क्रिम्पिंग म्हणतात. दाब कमी पडला तर तार निसटते, जास्त झाला तर तारेचे तंतू कापले जातात. योग्य दाब पडला की तांबे तांब्यात असे दबते की मध्ये हवेलाही वाट राहत नाही. क्रिम्पिंगचा चिमटा ठरावीक काळाने तपासून घ्यावा लागतो, नमुन्याच्या जोडण्या ओढून तोडून पाहाव्या लागतात. भोसरीच्या औद्योगिक वसाहतीतील एका लहानशा कारखान्यात काही वर्षांपूर्वी हे काम पाहण्याचा योग आला. भिंगाखाली तारा घेऊन बसलेल्या बहुतेक स्त्रिया होत्या. मालकांनी त्या दिवशी ओढून तोडलेल्या जोडण्यांची नोंदवही दाखवली. तयार झालेल्या मालापेक्षा तोडलेल्या मालाविषयी ते अधिक अभिमानाने बोलत होते, याचे तेव्हा नवल वाटले होते.

या क्षुद्र वाटणाऱ्या वस्तूने मोठमोठ्यांची फजिती केली आहे. २१ नोव्हेंबर १९६० रोजी अमेरिकेने मर्क्युरी-रेडस्टोन हा अग्निबाण पहिल्यांदा उडवला. माणूस पाठवण्याआधीची ती चाचणी होती. अग्निबाण जेमतेम दहा सेंटीमीटर उचलला गेला, इंजिन बंद पडले आणि तो पुन्हा मंचावर येऊन उभा राहिला. वरचा सुटकेचा मनोरा मात्र एकटाच आकाशात उडून गेला, आणि कुपीतून अवतरणछत्र्या बाहेर येऊन अग्निबाणाच्या अंगावर लोंबकळत राहिल्या. कारण काय, तर जमिनीकडून येणाऱ्या दोन जोडण्यांपैकी नियंत्रणाची आधी आणि वीजपुरवठ्याची नंतर सुटायची होती. नियंत्रणाची केबल हवी त्यापेक्षा लांब राहिली, त्यामुळे क्रम उलटा झाला. उलट्या क्रमातले अंतर होते एका सेकंदाचे २९ सहस्रांश. तेवढ्या वेळात वीज भलत्या वाटेने गेली आणि उड्डाण संपले आहे असे समजून इंजिन थांबले. तरीही पुढच्याच वर्षी ५ मे १९६१ला अमेरिकेने त्याच जातीच्या अग्निबाणातून ॲलन शेपर्ड यांना अंतराळात पाठवले, हेही लक्षात ठेवण्याजोगे आहे.

अगदी अलीकडची आणि अधिक गमतीची कथा युरोपातील आहे. सप्टेंबर २०११मध्ये शास्त्रज्ञांच्या एका गटाने जाहीर केले की, जिनिव्हाजवळच्या सर्न प्रयोगशाळेतून इटलीतील ग्रान सासो येथे सुमारे ७३० किलोमीटर प्रवास करणारे न्यूट्रिनो हे कण प्रकाशापेक्षा साठ अब्जांश सेकंद लवकर पोहोचतात. आइन्स्टाइन चुकले, असे मथळे जगभर झळकले. २०१२च्या प्रारंभी दोष सापडला. प्रकाशतंतूच्या केबलचा एक कनेक्टर पूर्ण आवळलेला नव्हता!

असो. विषय आपल्या देशाचा आहे.

भारताने १९९१ साली रशियाच्या ग्लावकॉस्मॉस या संस्थेशी क्रायोजेनिक इंजिनाच्या तंत्रज्ञानाचा करार केला. अमेरिकेने १९९२ साली इस्रोवर आणि त्या संस्थेवर निर्बंध लादले, आणि १९९३मध्ये रशियाने माघार घेऊन केवळ तयार टप्पे देण्याचे मान्य केले. ज्ञान मिळाले नाही, वस्तू मिळाल्या. २०१०च्या नाताळच्या दिवशी उडालेला टप्पा त्या वस्तूंपैकीच होता. १९९८च्या मे महिन्यात पोखरण येथे अणुचाचण्या झाल्या, तेव्हा आपल्या हलक्या लढाऊ विमानाच्या उड्डाणनियंत्रणावर अमेरिकेत काम करणाऱ्या भारतीय अभियंत्यांना परत पाठवण्यात आले. ते काम बंगळुरूत पूर्ण झाले. ४ जानेवारी २००१ रोजी ते विमान उडाले आणि पुढे अटलजींनी त्याचे नामकरण 'तेजस' असे केले. या दोन कथा आपल्या घराघरांत ठाऊक आहेत आणि ठाऊक असाव्यातच. परंतु त्या सांगताना आपण इंजिन, विमान, अग्निबाण अशी मोठी नावे घेतो. निर्बंधांचा फास केवळ मोठ्या वस्तूंभोवती आवळला जातो, अशी त्यातून समजूत होते.

प्रत्यक्षात तो लहान वस्तूंभोवती अधिक सहज आवळला जातो. इंजिन नाकारले की जगभर बोभाटा होतो. एखाद्या विशिष्ट कनेक्टरची निर्यात-परवानगी 'विचाराधीन' ठेवली तर कोणाला पत्ताही लागत नाही. पत्र येते की वस्तू अठरा महिन्यांनी मिळेल. अठरा महिन्यांनी आणखी एक पत्र येते. कोठेही 'नाही' असा शब्द नसतो. तीनशे पिनांच्या जोडणीतील एक पिन न आल्याने तयार यंत्र कारखान्यात झाकून ठेवावे लागते, आणि बाहेर लोक म्हणतात की सरकारी काम, उशीर व्हायचाच. परावलंबनाचे हे रूप अपमानास्पद वाटत नाही, म्हणून ते अधिक घातक आहे.

गोदरेजने विक्रोळीत अग्निबाणाची इंजिने घडवली, वालचंदनगरने मोटारींची महाकाय कवचे घडवली, ओझरला हिंदुस्थान एरोनॉटिक्सने सुखोई विमाने बांधली. महाराष्ट्राने याचा अभिमान जरूर बाळगावा. त्याच महाराष्ट्रात, त्याच भोसरीत, लष्करी प्रतीचे कनेक्टर मोठ्या संख्येने तयार होतात, हे मात्र पुण्यातल्याही किती घरांना माहीत असेल? तेथील सर्वांत मोठ्या कारखान्यांपैकी एक ॲम्फेनॉल या अमेरिकी कंपनीच्या भारतीय शाखेचा आहे. १९३२ साली शिकागोत आर्थर श्मिट यांनी रेडिओच्या नळ्यांसाठी खोबणी बनवण्याचा धंदा काढला, त्याची ही वंशवेल. हात मराठी, जमीन आपली, आणि आराखड्याची मालकी तिकडची. हे वाईट आहे असे म्हणण्याचे कारण नाही. या कारखान्यांनी हजारो माणसांना अचूकतेची सवय लावली, आणि या क्षेत्रातला भारतीय उद्योजक अनेकदा अशाच कारखान्यातून शिकून बाहेर पडलेला असतो. पण येथे बनलेले आणि आपले असलेले, यात फरक आहे एवढे भान हवे.

जर्मनीचे उदाहरण येथे घेतले पाहिजे. विल्हेल्म आणि मारी हार्टिंग या दांपत्याने सप्टेंबर १९४५मध्ये, म्हणजे देश बेचिराख झाल्यानंतर अवघ्या चार महिन्यांनी, एक छोटा कारखाना सुरू केला. तेथे दिवे, शेगड्या, वाफल भाजण्याची भांडी असल्या घरगुती वस्तू बनत. १९५६ साली त्यांनी कारखान्यातील यंत्रांसाठी एक दणकट चौकोनी कनेक्टर आणला. तेल, धूळ, पाणी, धक्के सोसणारा तो कनेक्टर पुढे साऱ्या जगाच्या उद्योगात प्रमाण मानला गेला. आज कोणत्याही मोठ्या कारखान्यात यंत्रमानवाच्या पायाशी किंवा रेल्वेच्या दोन डब्यांच्या मध्ये पाहिले तर त्या घराण्याची वस्तू किंवा तिची नक्कल आढळते. एस्पेलकॅम्प नावाच्या लहानशा गावात हा उद्योग वाढला आणि कुटुंबाच्याच हाती राहिला. युद्धात हरलेल्या राष्ट्राने आपली प्रतिष्ठा अशा गावांतून, अशा सांध्यांतून परत मिळवली. आपल्याकडे लक्ष्मणराव किर्लोस्करांनी नांगरापासून आरंभ केला तो याच जातीचा पुरुषार्थ होता. त्यांची चरित्रे आपण मुलांना वाचायला देतो. मुलाने तसे काही करायचे ठरवले तर काय म्हणतो, हा वेगळा प्रश्न.

आता थोडे कडू बोलणे भाग आहे. स्वदेशीचा आग्रह धरणारी मंडळी या साप्ताहिकाच्या वाचकांत बहुसंख्य आहेत. त्यांनाच हे सांगितले पाहिजे की, कनेक्टरच्या बाबतीत न तपासलेली स्वदेशी वस्तू तपासलेल्या विदेशी वस्तूपेक्षा अधिक धोकादायक आहे. बाहेरून आणलेल्या सुट्या भागांवर आपला शिक्का मारून 'संपूर्ण भारतीय' म्हणून विकणारे व्यापारी आपल्याकडे आहेत. मुलाम्यात थोडे सोने वाचवणारे आहेत. चाचणीचा कागद आहे आणि चाचणी झालेली नाही, असेही घडते. अशांना केवळ वेष्टनावर तिरंगा आहे म्हणून पाठीशी घालणे ही देशभक्ती नव्हे. सीमेवर, सियाचीनसारख्या ठिकाणी उणे चाळीस अंशांत ज्या जवानाचा संदेशवहन संच बंद पडेल, त्याला वेष्टनाचा उपयोग नाही. भोसरीतल्या त्या मालकांचा तोडलेल्या जोडण्यांचा अभिमान आता समजतो. नाकारण्याची ताकद असलेला कारखानाच स्वदेशी या शब्दाला पात्र आहे.

पण त्या ताकदीची किंमत कोण देणार? सरकारी खरेदीची आपली रूढ पद्धत सर्वांत कमी बोली लावणाऱ्याला काम देते. कागद, खुर्च्या, रंग यांसाठी ती ठीक असेल. ज्या वस्तूचा दर्जा तिच्या पोटात सव्वा मायक्रॉन जाडीचा असतो, तेथे ती प्रामाणिक माणसाला शिक्षा करते. त्यातून नव्या वस्तूला विमानात बसवण्याची मान्यता मिळवण्यास वर्षे लागतात. चाचण्या महाग असतात, त्यासाठीची यंत्रसामग्री मोजक्या ठिकाणी असते, आणि एवढे झाल्यावर मागणी येते ती दोनशे नगांची. पुढची मागणी कधी येईल याची शाश्वती नाही. दोनशे नगांसाठी कोणी साचे घडवावेत? अशा स्थितीत अधिकारी विदेशी सूचिपत्रातील क्रमांक लिहून मोकळा होतो, आणि त्याला सर्वस्वी दोष देता येत नाही. विदेशी वस्तू बिघडली तर कोणी त्याला जाब विचारत नाही. देशी वस्तू निवडली आणि ती बिघडली तर चौकशी त्याची होते. हे उलटे झाले पाहिजे, निदान समान तरी.

गेल्या काही वर्षांत योग्य दिशेने पावले पडली हे नोंदवायला हवे. संरक्षण मंत्रालयाने ऑगस्ट २०२०मध्ये १०१ वस्तूंची आयात टप्प्याटप्प्याने बंद करण्याची पहिली सूची काढली. तिच्यात तोफा, नौका, विमाने होती, म्हणून तिचा गाजावाजा झाला. लेखकाला अधिक महत्त्वाची वाटते ती डिसेंबर २०२१मधील सूची. संरक्षण क्षेत्रातील सार्वजनिक उद्योग जे उपसंच आणि सुटे भाग बाहेरून आणत, अशा २८५१ नगांची ती यादी होती. तीत वाचायला काही रोमहर्षक नाही, पण परावलंबन जेथे दडलेले असते त्या जागेवर तिने बोट ठेवले. मार्च २०२५मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने इलेक्ट्रॉनिक घटकांच्या निर्मितीसाठी २२,९१९ कोटी रुपयांची योजना मंजूर केली. पैसा आला ही चांगली गोष्ट. मात्र त्यातला किती भाग भ्रमणध्वनीच्या जुळणीच्या आसपास घुटमळतो आणि किती भाग साचे, मुलामा, काचेची सीलबंद जोडणी असल्या अवघड कामांपर्यंत पोहोचतो, यावर लक्ष ठेवायला हवे. मोबाइलचा बाजार प्रचंड आहे, तेथे नफा आहे आणि मंत्र्यांना उद्घाटनही करता येते. कनेक्टरच्या कारखान्याचे उद्घाटन छायाचित्रात फारसे खुलत नाही.

पैशांपेक्षा अवघड गोष्ट माणसांची आहे. या उद्योगाचा प्राण टूलरूममध्ये असतो. साचा घडवणारा, मुलाम्याच्या टाकीतील द्रावण सांभाळणारा, सूक्ष्म मोजमाप करणारा कारागीर तयार व्हायला दहा-दहा वर्षे लागतात. आपल्या मध्यमवर्गीय घरांत आयटीआय हे नाव अजून नापास मुलाच्या संदर्भातच उच्चारले जाते. अभियांत्रिकीला गेलेला मुलगा संगणकाच्या कंपनीत लागला की आईवडील सुटकेचा श्वास टाकतात. तो यंत्रशाळेत तेलकट कपड्यांनी उभा राहिला तर शेजारी चौकशी करतात की काही अडचण आहे का. लग्नाच्या बाजारात तर विचारायलाच नको. खंडेनवमीला आपण लेथला झेंडूची माळ घालतो. विश्वकर्मा जयंती राष्ट्रीय श्रमदिन म्हणून साजरी करणारे कार्यकर्ते आपल्यातच आहेत. त्यांच्या कार्यक्रमांतून टर्नर, फिटर, टूलमेकर यांना व्यासपीठावर बसवले जाते, ही परंपरा स्तुत्य आहे. ती घराच्या उंबरठ्याच्या आत यायची आहे. आपली किती मुले-मुली या कामात आहेत, हे प्रत्येक वाचकाने आपल्या नात्यागोत्यात मोजून पाहावे. बोटे पुरतील.

जीएसएलव्हीचे पुढे काय झाले, हे सांगायचे राहिले. तपासाचा रोख कनेक्टरांवरून ते जेथे बसवले होते त्या जागेकडे, टप्प्याच्या तळाच्या आवरणाकडे गेला. बाहेरील बलांमुळे आवरण विरूपले की त्यावर बसवलेले कनेक्टर ओढले जाणार, हे उघड होते. म्हणजे केवळ वस्तू उत्तम असून भागत नाही, ती जेथे बसवायची ती जागा आणि वस्तू यांचा विचार एकत्र करावा लागतो. रशियन टप्पा आणि भारतीय प्रक्षेपक यांच्या सीमेवरची ही जागा होती. तिकडून तयार आलेल्या वस्तूच्या पोटात डोकावण्याची संधी मर्यादित असते. स्वतःचा टप्पा बांधताना इस्रोच्या शास्त्रज्ञांनी खालचे आवरण नव्याने रचले, तारा वाहून नेणारा बोगदा अधिक बल सोसेल असा केला, आणि साऱ्या प्रक्षेपकाच्या वायुगतिकीचा अभ्यास पुन्हा केला. एप्रिल २०१०मध्ये बंद पडलेल्या इंधनपंपाची रचनाही बदलली. घाई मात्र केली नाही. १९ ऑगस्ट २०१३ रोजी उड्डाणाची तयारी पूर्ण असताना दुसऱ्या टप्प्यात गळती आढळली, तेव्हा उलटगणती थांबवून प्रक्षेपक परत आणण्यात आला.

५ जानेवारी २०१४ रोजी जीएसएलव्ही-डी५ भारतीय क्रायोजेनिक इंजिनासह उडाला आणि सुमारे सतरा मिनिटांनी त्याने जीसॅट-१४ हा उपग्रह कक्षेत सोडला. त्या उड्डाणासाठी प्रक्षेपकावर मुद्दाम एक चित्रण यंत्रणा बसवलेली होती. आवरण उड्डाणात हलते का, किती हलते, एवढेच तिला टिपायचे होते.